चार बोटं कड

मु. पिंपळमळा, ता. तासगाव, जि. सांगली.
बुधवार, दुपारचे सव्वादोन. (उन्हाबद्दल विचारू नका.)

श्रीमान सुभेदार हरिबा पाव्हणे, मुक्काम सातारा, यांना नाथाजीचा वाकून नमस्कार. (वाकून अशासाठी की गेले आठ दिवस ताठ उभा राहिलो की डोक्यावरचं काहीतरी कशाला तरी अडकतं. खुलासा पुढे येईल.) आपला डावा गुडघा जिना चढताना अजून कुरकुरतो का? वहिनींचा खोकला कमी आहे ना? आमच्याकडची माणसं, दोन म्हशी आणि खरड छाटणी चालू असलेली द्राक्षबाग आपापल्या जागी सुखरूप आहेत. मी मात्र थकलोय. काम करून थकलो असतो तर सांगितलंही नसतं. मी टोप्या घालून थकलोय.

फोन असताना पत्र कशाला, असं तुम्ही म्हणाल. पाव्हणे, तीस वर्षं तोफखान्यात काढलेल्या माणसाशी फोनवर बोलायचं म्हणजे ओरडावं लागतं. मी ओरडलो की तुम्हाला निम्मं ऐकू येतं आणि मळ्यातल्या सहा घरांना सगळं ऐकू येतं. शिवाय आम्हा दोघांचा एकच फोन तुमच्या बहिणीच्या ताब्यात आहे आणि ती तो कायम स्पीकरवर टाकून बोलते. म्हणून पोस्टात जाऊन पाकीट मागितलं. पोस्टातल्या माणसाने माझ्याकडे बराच वेळ पाहिलं आणि हळूच विचारलं, "कुणाला नोटीस धाडायची हाय का, अण्णा?" पत्र लिहिणाऱ्या माणसाबद्दल लोकांचं मत आता इथवर आलंय.

तर मुद्दा असा. माझ्या उजव्या कानाच्या वरच्या टोकावर दिवाळीपासून एक खपली होती. ती वाळायची, पडायची, परत यायची. मी हळद लावली, खोबरेल लावलं, बागेवर फवारायची औषधं सोडून बाकी सगळं लावलं. शेवटी गेल्या आठवड्यात मंगळवारी, ठिबकचे सांधे आणतो म्हणून घरातून निघालो आणि मिरजेत चामडीच्या डॉक्टरांकडे जाऊन आलो. डॉक्टरीणबाई आमच्या सोनमच्या वयाची. (सोनम म्हणजे आमची सून, धनाजीची बायको. हिच्याच वरातीत नाचून तुम्ही तो गुडघा दुखावून घेतलात.) बाईंनी भिंग लावून कान पाहिला, खपलीचा तुकडा काढला, दोन टाके घातले आणि तुकडा तपासायला पाठवला. रिपोर्ट येत्या मंगळवारी. "काका, घाबरू नका," म्हणाल्या. तोवर मी घाबरलो नव्हतो. मग म्हणाल्या, रिपोर्ट काही का येईना, या कानाने आयुष्यभराचं ऊन सोसलंय, आता बास करा. ही टोपी बंद. चारी बाजूंनी कड असलेली हॅट घ्या, कड किमान चार बोटं, कान आणि मान दोन्ही सावलीत आले पाहिजेत. आणि जाता जाता विचारलं, टोपी नेहमी अशी कलतीच घालता का?

आता काय सांगू त्यांना? तुम्हाला आठवत असेल, आमच्या लग्नाच्या मांडवात तुमच्या एका मामाचा धक्का लागून माझी टोपी डावीकडे सरकली होती. तेवढ्यात तुमच्या बहिणीच्या मैत्रिणींतली एक मोठ्यानं म्हणाली, "नवरदेव टोपीत लय शोभतोय." झालं. धक्का लागून जिथं सरकली तिथंच मी ती चव्वेचाळीस वर्षं ठेवली. डावा कान सावलीत आणि उजवा उन्हात. एका मुलीच्या एका वाक्यावर माणूस चव्वेचाळीस वर्षं कान उघडा टाकतो, हे डॉक्टरांना सांगायची मला लाज वाटली. मी म्हणालो, वारा असतो आमच्याकडे.

घरी सांगितलं की मांडवाची तार लागली आणि बरं होईतो कानाला ऊन लागू द्यायचं नाही. द्राक्षाच्या मांडवाची तार तासगाव तालुक्यात कुणालाही कधीही लागू शकते, त्यामुळे कुणी शंका घेतली नाही. तुकडा, टाके आणि मंगळवार हे फक्त तुम्हाला ठाऊक. तुमच्या बहिणीला, लीलाला, यातलं काही कळता कामा नये. एकदा तिला कळलं की ती चार दिवस काही बोलत नाही, नुसती भांडी घासते.

पहिल्यांदा धनाजीने त्याची खत कंपनीकडून फुकट मिळालेली टोपी दिली. तिला पुढे चोच असते, बाकी सगळीकडे मोकळं रान. चोच पुढे केली तर नाक सावलीत, कान उन्हात. मागे केली तर मान सावलीत, कान उन्हात. मग मी विचार करून चोच उजव्या कानावर आणली. कान झाकला. तशाच अवताराने म्हशीला पाणी दाखवत होतो, तर तुमची बहीण मागून म्हणाली, "आवं, म्हातारपणी ह्यो काय चाळा?" म्हैसही माझ्याकडे बघत होती. टोपी धनाजीला परत केली.

मग सोनमने मनावर घेतलं. पोरगी हुशार आहे, माया करणारी आहे, फक्त तिच्या फोनमध्ये सगळ्या जगाचं ज्ञान आहे हा तिचा दोष. हॅट अशी कुठलीही घेत नसतात, आधी चेहरा मोजतात, असं त्यात लिहिलं होतं. तिने ब्लाउजचं माप घ्यायची टेप आणली आणि मला कट्ट्यावर बसवून कपाळ, गाल, हनुवटी आणि मान मोजली. (सासऱ्याची मान मोजणारी सून मी तरी पहिल्यांदाच पाहिली. शेजारची दोन माणसं उभी राहून बघत होती.) निकाल असा: चेहरा लांबट, गाल बसलेले, मान आखूड. लांबट चेहऱ्याला रुंद कड शोभते. आखूड मानेला रुंद कड शोभत नाही. म्हणजे माझ्या तोंडाचं एक म्हणणं आणि मानेचं दुसरं. सहासष्ट वर्षं ती दोघं एकमेकांना चिकटून गुण्यागोविंदाने राहत होती, आता त्यांच्यात फोनने लावून दिली. शेवटी सोनमने तोंडाच्या बाजूने निकाल दिला आणि हॅट मागवली.

शनिवारी खोकं आलं. खोकं बघून मला वाटलं हिने चूल मागवली. आत गवतासारखी विणलेली कडक हॅट, आणि कड माझी चार बोटं अधिक चार बोटं. रविवारी ती घालून बागेत गेलो. आता तुम्ही साताऱ्यात बंगल्यात राहता, म्हणून सांगतो. एप्रिलात खरड छाटणी झाली की मांडवावर एक पान राहत नाही. डोक्यावर नुसत्या तारा आणि कापलेल्या काड्यांची टोकं. ऊन सरळ खाली येतं, म्हणून हॅट हवीच. पण मांडवाखाली माणूस सारखा वर बघतो. वर बघितलं की हॅटची मागची कड पाठीला टेकते, मग हॅट पुढे येते आणि डोळ्यांवर बसते. म्हणजे ज्या क्षणी बघायचं असतं त्याच क्षणी दिसत नाही. सरळ चाललो तर कड काडीत अडकते, मी पुढे जातो आणि हॅट मागे लोंबकळत राहते. सात वेळा मागे येऊन काढून घेतली. छाटणीवाल्या टोळीतली मंगल, जी एरवी माझ्यासमोर मान वर करत नाही, ती शेवटी म्हणाली, "अण्णा, काडी कापू का हॅट?" सगळी टोळी कात्र्या खाली ठेवून हसली. मीही हसलो असतो, पण हॅट डोळ्यांवर होती.

संध्याकाळी तीच घालून ट्रॅक्टरवर बसलो. बांधाच्या वळणावर वाऱ्याने ती उचलली आणि शेततळ्याच्या मधोमध नेऊन ठेवली. शेततळ्याला प्लास्टिकचा कागद आहे, पाय ठेवला की माणूस घसरून आत जातो, त्यामुळे ती काढता येत नाही. अजून तिथंच तरंगते आहे. बगळा जाऊन बसतो. त्याला शोभते.

सोमवारी मी स्वतः सांगलीला गेलो. म्हटलं, दुकानात उभं राहून, हातात घेऊन, बघून घेऊ. दुकानदार भला माणूस होता, पण आरसा तळहाताएवढा. त्यात एक तर हॅट दिसायची नाहीतर मी दिसायचो, दोघं एकदम मावत नव्हतो. मी टोपी काढून खिशात ठेवली आणि अकरा हॅटा घालून पाहिल्या. एकीत मी लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवणारा दिसलो, एकीत वनखात्यातून निलंबित झालेला, आणि एकीत स्वतःच्याच बागेत घड चोरायला आलेला. कड मोजायलाही अडचण. त्याची चार बोटं म्हणजे माझी अडीच. मी हात पुढे केला तर तो म्हणाला, "एवढ्या बोटांची हॅट तयार मिळत न्हाई, काका." शेवटी मी वैतागून म्हणालो, यातली एकही शोभत नाही. तर त्याने शांतपणे हॅटा परत रचल्या आणि म्हणाला, "हॅट शोभत नसती. बघणाऱ्याला सवय हुती." हे वाक्य मला पटलं. पण माझ्याकडे बघणाऱ्यांना सवय व्हायला चव्वेचाळीस वर्षं लागली, तेवढी आता कुठून आणू? काही न घेता बाहेर पडलो.

आणि इथं चूक झाली. टोपी खिशातच राहिली. मी बोडक्या डोक्याने, कानाला पांढरी पट्टी, कानावर ऊन नको म्हणून वर एक हात धरून, सांगलीच्या एसटी स्टँडवर पाऊण तास उभा होतो. चेहरा कसा होता ते मला माहीत नाही, पण मनात मंगळवार होता. समोरून गेलेल्या एका गाडीच्या खिडकीत तुमचे कोरेगावचे चुलतभाऊ दादासो बसले होते. आपल्याकडे जन्मात टोपीशिवाय न दिसलेला माणूस भर बाजारात बोडका दिसला तर लोक काय समजतात, ते तुम्हाला सांगायला नको. घरात कुणीतरी गेलं आणि अजून दुखवट्याची टोपी घातली गेली नाही, एवढाच त्याचा अर्थ. आमच्या घरात ब्याण्णव वर्षांची बनाकाकू आहे, मला लहानाचं मोठं केलेली माझी चुलती. दादासोंनी हिशोब जुळवला. फोन करून "कोण गेलं?" असं विचारायची पद्धत नाही. शिवाय आपल्याला साधा निरोप नाही, याचा राग. त्या रागात त्यांनी अख्खी भावकी गोळा केली.

काल सकाळी दारात पिकअप थांबली. नऊ माणसं, बारा टॉवेल, बारा टोप्या. बायकांनी फाटकातूनच गळा काढला. बनाकाकू कट्ट्यावर बेदाणे निवडत बसली होती. तिने रडणं ऐकलं, सूप बाजूला ठेवलं आणि पदर तोंडाला लावून स्वतःही रडायला लागली. दारात रडणारी माणसं आली की आधी रडायचं आणि मग विचारायचं, ही तिची रीत. दादासोंची बायको तिच्या गळ्यात पडली. दहा मिनिटं दोघी एकमेकींना सावरत होत्या. मग काकूने नाक पुसून विचारलं, "व्हय गं बाई, पर गेलं कोण?" त्या बाईने मान वर करून बघितलं, आपण जिच्यासाठी रडतोय तिच्याच गळ्यात आहोत हे तिच्या लक्षात आलं, आणि तिने जी किंकाळी फोडली ती ऐकून म्हशींनी दावी ताणली.

एवढ्यावर मिटलं असतं. पण बनाकाकू जिवंत म्हटल्यावर दादासोंनी घरभर नजर फिरवली, आणि लीला गिरणीत गेली होती. "म्हंजे लीलाक्का?" एवढंच ते म्हणाले आणि मटकन खाली बसले. बायकांनी पुन्हा सुरुवात केली, आता दुप्पट. त्याच वेळी मी गोठ्यातून बाहेर आलो, बोडका, कानाला पट्टी. सगळे माझ्याकडे बघून रडत होते. पाव्हणे, खरं सांगतो, त्या रडण्याच्या मधोमध उभं असताना माझ्या मनात आलं की ही माणसं फार चुकलेली नाहीत, फक्त थोडी लवकर आली आहेत आणि माणूस चुकली आहेत. तेवढ्यात तुमची बहीण पिठाचा डबा डोक्यावर घेऊन फाटकातून आत आली आणि म्हणाली, "काय झालं? पाव्हणं कवा आलं?"

दादासो नंतर पुष्कळ हसले. पण दुखवट्याचं सामान परत नेत नाहीत, त्यावर ते अडून बसले. आणलेली टोपी कुणाच्या तरी डोक्यावर घातली पाहिजे म्हणून त्यांनी ती माझ्याच डोक्यावर घातली, आणि रीतीप्रमाणे दोन्ही हातांनी नीट दाबून बसवली, थेट टाक्यांवर. माझ्या डोळ्यांत पाणी आलेलं बघून त्यांनाही भरून आलं. उरलेल्या टोप्या-टॉवेलांचं काय करायचं, यावर बनाकाकूने निकाल दिला. "ठेवा फडताळात. माझ्या टायमाला परत हेलपाटा नको." जेवायला गोड करायचं की साधं, यावर बायकांचा अर्धा तास गेला. शेवटी शिरा झाला. काकूने दोनदा घेतला.

तर आजची स्थिती अशी. घरात बारा टोप्या आल्या आणि बारांपैकी एकीलाही कड नाही. मी दुपारभर माजघरात बसून असतो. बाहेर छाटणी चालू आहे आणि मला माझ्याच बागेत जायची चोरी. फार कंटाळा आलाय, पाव्हणे. वहिनींना नमस्कार. कळावे, लोभ आहेच, तो असाच सावलीत ठेवावा.

आपला थकलेला,
नाथाजी

ता. क. हे सगळं लिहिण्याचं कारण, तुमच्याकडे पलटणीतली ती हिरवी हॅट असेल, भोवती मऊ कड असलेली. धनाजीच्या बारशाला तुम्ही ती घालून आला होता आणि मी सगळ्यांसमोर तिला भजी तळायचा झारा म्हणालो होतो, कारण तिला बाजूंना भोकं होती. ते शब्द मागे घेतो. मऊ कड तारेत अडकणार नाही, वाऱ्यात दोरीने बांधता येईल, आणि तुमचं डोकं माझ्याएवढंच आहे. ती द्यावी.

ता. क. दुसरा. हॅट पार्सलने पाठवू नका. डोक्यावर घालून या. मंगळवारी सकाळची साताऱ्याची एसटी धरली तर तुम्ही दहापर्यंत मिरजेत पोचाल. चौकशीच्या खिडकीपाशी मी उभा असेन, टोपी घालून, नाहीतर पुन्हा कुणीतरी पिकअप काढील. अकराला तो कागद मिळणार. तो मला एकट्याने हातात घ्यायचा नाही. मला भीती वाटते. हे मी आजवर कुणाला म्हटलेलं नाही. तुम्हाला निम्मंच ऐकू येतं, म्हणून लिहून म्हणतो. हॅट नसली तरी चालेल. तुम्ही या.

ता. क. तिसरा. पाकिटाचा डिंक लागत नाही, म्हणून भाताच्या शितांनी चिकटवतोय. सोनमजवळ टाकायला देतो आहे. घरात कुणाला काही ठाऊक नाही.

दादा, तुला लीलाचा नमस्कार. शितं ओली होती तवाच मी पाकीट उघडलं. रोज कानाची पट्टी मीच बदलते, आणि तारेनं खरचटलं म्हणून मिरजेचे डॉक्टर टाके घालत न्हाईत, एवढं मला कळतं. दवाखान्यात ह्यांनी सोनमचा नंबर दिलाय, तिच्या फोनवर मंगळवारचा निरोप पण आलाय. मी त्यांना काय बोलले न्हाई, भांडी तेवढी लय घासली. मंगळवारी मी आन सोनम दोघी पण मिरजेला येणार हाय. ते एकटे निघतील, आम्ही मागच्या गाडीनं येतो. हॅट आणू नको. दादासोच्या टॉवेलातला एक कापून मी ह्यांच्या जुन्या टोपीला भोवतीनं कड शिवली हाय, त्यांचीच चार बोटं, झोपल्यावर हात मोजून घेतला. काकू म्हणाली, माझ्या वाटणीचा टॉवेल कापलास व्हय, पर दोरा तिनंच ओवून दिला. दिसायला लय वाईट दिसती. स्टँडवर मी ती त्यांच्या डोक्यावर ठेवीन, सरळ, कलती न्हाई. तवा दादा, तू हसू नको. मोठ्यानं म्हण, शोभतंय. त्या दिवशी मांडवात मीच मैत्रिणीला म्हणायला लावलं हुतं, आता ती न्हाई, म्हणून तुला सांगते.